गावपळणीत आलेला कॉम्प्युटर

आत्याची आणि माझी शेवटची भेट मे महिन्यात झाली. मी आणि माझी लेक मुक्ता, आम्ही दोघी पुण्याहून गाडीने गेलो होतो. फाटकाची कडी वाजली आणि पडवीतल्या खुर्चीतून नेहमीसारखी हाक आली, "इलंस?" आमच्या सुमनआत्याने नमस्कार-चमत्कार कधी केले नाहीत. येणाऱ्या प्रत्येक मुलीला "इलंस?" आणि जाणारीला "परत ये गो", एवढ्यावर तिचं सगळं आगतस्वागत आटपायचं.

त्या संध्याकाळी फणसाचे गरे खाता खाता मुक्ताने एक प्रश्न काढला. ती कॉम्प्युटरवरचे गेम बनवणाऱ्या कंपनीत काम करते, आणि त्यांच्या ऑफिसात सगळ्यांनी म्हणे आपापल्या आईवडिलांना विचारायचं ठरवलं होतं, की तुम्ही पीसीवर पहिला गेम कधी खेळलात. मी तोऱ्यात सांगितलं, की कुडाळच्या बँकेत मी नोकरीला असताना पहिला कॉम्प्युटर आला, त्यावर जेवणाच्या सुट्टीत आम्ही पत्ते खेळायचो. माझं वाक्य संपायच्या आत खुर्चीतून निकाल आला.

"खोटां. बँकेत नाय, गावपळणीत खेळलंस तू. साल तुझां तू शोधून काढ."

मुक्ता हसायलाच लागली. आजीच्या वयाची बाई आणि ती गेमची तारीख सांगतेय... मलाही ते अर्धवटच आठवत होतं. पुढे विचारलं तर आत्या गालातल्या गालात हसली आणि गऱ्यातली आठळी ताटलीत टाकत म्हणाली, की तुम्ही दोघी शिकलेल्या आहात, डोकं चालवा. निघताना ती काठी टेकत फाटकापर्यंत आली. जुलैत एका सकाळी माझ्या चुलतभावाचा, सुहासचा फोन आला, की आत्या झोपेतच गेली.

वाचकांपैकी ज्यांना आमच्या मालवणकडच्या गावपळणीची कल्पना नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. आमच्याकडे काही गावांत दर काही वर्षांनी देवाचा कौल घेऊन सगळा गाव तीन दिवस वेशीबाहेर राहायला जातो. घरात चूल पेटत नाही, दिवा लागत नाही, गावात जिवंत असं काही मागे ठेवायचं नाही. गाईगुरं, कोंबड्या, कुत्री, मांजरं, ओली बाळंतीण, अंथरुणाला खिळलेला म्हातारा, सगळ्यांनी निघायचं. वेशीपलीकडे झावळ्यांच्या राहुट्या उभ्या करायच्या आणि पुन्हा कौल मिळाला की परतायचं. आम्हा मुलांना तर दिवाळीपेक्षा त्याचं अप्रूप.

आत्या गावच्या हायस्कुलात गणित शिकवायची. लग्न केलं नव्हतं, आमच्याच घरी राहायची आणि आजीसकट कोणाचंही ऐकायची नाही. ऐंशीच्या त्या दशकात सरकारच्या कुठल्याशा योजनेत आमच्या शाळेला एक कॉम्प्युटर मिळाला. जाडजूड कीबोर्ड, त्याला जोडायचा एक छोटा टीव्ही आणि एक टेपरेकॉर्डर. तो शिकून घ्यायला कोल्हापूरला कोणीतरी जायचं होतं. पुरुष शिक्षकांना एकाएकी घरची कामं निघाली. आत्या पातळांची बॅग घेऊन गेली आणि परत आली तेव्हा तिच्या डोळ्यांत असं काही होतं, की आजीने विचारलं, तुका लॉटरी लागली काय?

पण कॉम्प्युटरची खोली मुख्याध्यापकांच्या कुलपात. माणूस सज्जन, पण धास्तावलेला. सरकारी वस्तू बिघडली तर जबाबदार कोण, या काळजीने त्यांनी ते यंत्र देव्हाऱ्यातल्या देवासारखं सोवळ्यात ठेवलं होतं. आम्ही चपला काढून, हात मागे बांधून रांगेने आत जायचं, बाईंनी बटणं दाबायची, पडद्यावर बेरजेचं उत्तर यायचं, आणि आम्ही तशाच रांगेने बाहेर. आत्याला याचा मनस्वी संताप यायचा. घरी जेवताना ती एकदा म्हणाली, की नववीतल्या निम्म्या मुली दहावीनंतर शाळेचं तोंड बघणार नाहीत, कोणी काजूच्या कारखान्यात जाईल, कोणी लग्न होऊन जाईल. त्याआधी एकदा तरी त्यांची बोटं त्या बटणांवर पडली पाहिजेत. मी त्या नववीत होते. मुख्याध्यापकांकडे तिने किती वेळा विनंती केली असेल कोण जाणे, उत्तर ठरलेलं असायचं, "बाई, पुढच्या वर्षी बघू." एकच सवलत तिने मिळवली होती. समुद्राच्या खाऱ्या हवेने यंत्रात ओल धरते म्हणून रोज शाळा सुटल्यावर ते थोडा वेळ चालू ठेवायचं. त्यापायी ती घरी उशिरा यायची आणि आजी कुरकुरायची. "यंत्र गरम करूचां लागता," एवढंच उत्तर.

अशात गावपळण आली. देवळात बैठक बसली, कोणाची गुरं कुठे बांधायची, राहुट्या कोणी कुठे घालायच्या हे सगळं ठरलं. मी आत्याबरोबर गेले होते. शेवटी आमचे मानकरी आबा, गावात ज्यांच्या शब्दापुढे कोणी जात नसे ते, एकदम म्हणाले, की शाळेतल्या त्या यंत्राचं काय करायचं?  मग आबांनी आपली शंका नीट मांडली, की विचारलेल्याचं उत्तर देतं ते जिवंतच धरायला हवं. "जां विचारलां तेची जाप देता, तां जित्यांतलां. मागे रवलां आणि देव कोपलो, तर निस्तरतलो कोण?"

मुख्याध्यापक चटकन उठले. त्यांनी शुद्ध मराठीत समजावलं, "आबा, वीज गेली की ते बंद पडतं. त्यात जीव कुठून येणार?"

"वीज गेली की बंद पडता, म्हणजे जीव आसाच मां," आबा म्हणाले, आणि आख्ख्या बैठकीने माना डोलावल्या.

मग सगळ्यांच्या नजरा कोल्हापूरला जाऊन आलेल्या एकमेव माणसाकडे वळल्या. मी आत्याकडे बघत होते. तिच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. पदर सारखा करून ती म्हणाली, "जीव आसा काय नाय तां माका सांगूक येवचां नाय. पण मी विचारतंय आणि तां जाप देता, ह्यां खरां."

देवाला कौल लावला. मूर्तीला चिकटवलेली कळी उजवीकडून पडली. म्हणजे यंत्राने गावाबरोबर वेशीबाहेर जायचं! मुख्याध्यापकांचा चेहरा बघण्यासारखा झाला होता, पण देवाच्या कौलापुढे सरकारी कुलूप काय करणार? त्या दिवशी घरी येऊन आत्या माजघरात बसून डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. आजी म्हणाली, देवासमोर खोटं बोललीस. "खोटां खंय बोललंय मी?" आत्या म्हणाली, "आणि कौल तर देवान दिल्यान."

दुसऱ्या दिवशी बैलगाडीत पेंढा पसरून, दोन गोधड्यांत गुंडाळून कॉम्प्युटर निघाला. टीव्ही आत्याच्या मांडीवर. मागून मुख्याध्यापक चालत होते, आणि गाडीवर ऊन पडू नये म्हणून त्यांनी आपली छत्री आडवी धरली होती. पुढे कोंबड्यांच्या टोपल्या, मागे कुत्री. व्हाळ, म्हणजे ओढा, ओलांडला की पलीकडच्या गावात भाताची गिरण होती आणि तिथे वीज होती. गिरणवाल्याने गावाच्या मानाखातर एक कोपरा झाडून दिला. वरच्या वाशाला काकूने पाळणा बांधला. त्यात सुहास, नुकतंच बारसं झालेला.

यंत्र जिवंत मानलं तर त्याला तीन दिवस उपाशी कसं ठेवायचं, असं आत्यानेच मुख्याध्यापकांना विचारलं. ते हताशपणे हसले आणि म्हणाले, "करा बाई, काय करायचं ते." मग तिने टेपरेकॉर्डरमध्ये एक कॅसेट घातली. बराच वेळ ती रातकिड्यांसारखी किरकिरत राहिली. पडद्यावर एक चौकोनी पांढरी होडी आली. वरून हिरवे खडक येत होते. एक बटण दाबलं की होडी डावीकडे, दुसरं दाबलं की उजवीकडे. खडक चुकवत बंदराला लागायचं. हातपाय धुऊन या, असं सगळ्यांना सांगून आत्याने पहिला नंबर माझा नाही, काजूच्या कारखान्यात जायचं जिचं ठरलंच होतं त्या शालनचा लावला. होडी पहिल्याच खडकावर आपटली, यंत्र केकाटलं आणि पाळण्यात सुहासही. पण तिसऱ्या खेपेला तिने ती बंदराला नेली, तेव्हा गिरणीत झालेला गलका राहुट्यांपर्यंत ऐकू गेला. मग माझा नंबर, मग सगळ्या मुलींचा, मग मुलगे. सांजवेळी आबासुद्धा येऊन खाटेवर बसले आणि म्हणाले, होडी हाकूक येता तेका. त्यांच्या लेखी हीच मोठी पावती होती. तीन दिवसांनी कौल मिळाला, गाव परतला, आणि मुख्याध्यापकांनी खोलीला कुलूप लावलं ते फक्त संध्याकाळी. दिवसा ती उघडी राहू लागली. बिघडलं काहीच नव्हतं, उलट सगळ्यांची भीती तेवढी निघून गेली होती.

शालन काजूच्या कारखान्यात गेली खरी, पण कामगार म्हणून गेलेली ती पुढे तिथल्या ऑफिसात कॉम्प्युटरवर बसली. बँकेत आमच्यापुढे यंत्र आणून ठेवलं तेव्हा मोठमोठे साहेब दोन पावलं मागे सरकले होते. मी सरकले नाही. ते धाडस माझं, असं मी आजवर समजत होते.

आत्याच्या दिवसकार्यानंतर मी आणि मुक्ता पडवीत बसलो होतो. मुक्ता म्हणाली, आजीआत्याने सांगितलंय तर साल शोधू या. शोधायला फार लागलं नाही. सुहास पाळण्यात होता, म्हणजे त्याच्या जन्माचं वर्ष. शहाऐंशी साल. मुक्ताने आधी कुरकुर केली, की टीव्हीला जोडलेल्या कीबोर्डाला पीसी म्हणायचं का, पण मग स्वतःच म्हणाली, म्हणायचं. नंतर तिने धंद्याचे प्रश्न सुरू केले. कुठल्या कंपनीचा गेम होता? मला माहीत नव्हतं. यंत्राबरोबर आला असेल. खडक कसे होते? पहिला एकटा डावीकडे, मग जोडीने दोन, मग अरुंद वाट. हे सांगता सांगता माझा हात आपोआप समोरच्या खाडीच्या तोंडाकडे गेला... तिथे ते तसेच आहेत. आजोबा आत्याला होडीतून नेताना ते खडक दाखवायचे, हे तिने मला किती वेळा सांगितलं असेल.

"आणि हरल्यावर पडद्यावर काय यायचं?" मुक्ताने विचारलं.

"इंग्रजी अक्षरांत यायचं, 'परत ये गो'. बंदराला लागलं तर 'इलंस'. मुलगे तर चिडायचे, की यंत्र आम्हाला मुलींसारखं 'गो' काय म्हणतं म्हणून..."

मुक्ता हळूच म्हणाली, "आई, जगातली कुठली कंपनी मालवणीत गेम बनवेल?"

आम्हा मुलींना त्या वेळी त्यात काही नवल वाटलंच नव्हतं. यंत्र आमच्या गावात राहतं, आमच्याबरोबर गावपळणीला येतं, तर ते आमच्यासारखंच बोलणार! शाळा सुटल्यावर यंत्र गरम करत बसलेली आत्या काय करत होती, ते मला इतक्या वर्षांनी कळलं. तिला शिकवायला जवळपास कोणी नव्हतं, अडलं तर विचारायला कोणी नव्हतं. तरी गणिताच्या या बाईने एकटीने बसून एक गेम लिहिला, आणि तो खेळायला मिळावा म्हणून देवाचा कौल होईपर्यंत वाट बघितली. कोणाला सांगितलं नाही, कारण गरम करायच्या परवानगीत गेम बसत नव्हता आणि मुख्याध्यापकांना तोंडघशी पाडायचं तिच्या स्वभावात नव्हतं. ते निवृत्त झाले, वारलेही. मग ती सांगू शकली असती. मे महिन्यात ती सांगायलाच निघाली होती, असं मला वाटतं; फक्त गणिताच्या बाईंची खोड, उत्तर देतील तर शपथ. मुक्ताने ऑफिसात सगळ्यांना सांगितलं, की माझ्या आईने खेळलेला पहिला गेम माझ्या आजीआत्याने लिहिलेला होता. ती सांगत असताना मी फोनवर ऐकत होते आणि मला इतका अभिमान वाटत होता, की डोळे पुसायचंही सुचलं नाही. ती कॅसेट मात्र शाळेत नाही, घरातही नाही. आम्ही खूप शोधली.

दिवसकार्य आटपून पुण्याला निघताना मुक्ताने सामान गाडीत ठेवलं. मी फाटकाची कडी लावली आणि तिथेच उभी राहिले. पडवीतली खुर्ची सुहासने हलवलेली नाही. मुक्ताने काच खाली करून विचारलं, "आई, काय झालं?"

"थांब जरा," मी म्हटलं, "अक्षरं यायची आहेत."