जिन्याखालची भिंत

मेडशीच्या फाट्यावर मोटार थांबली, तेव्हा बाबा माझ्याकडे नाही, मोटारीच्या आवाजाकडे तोंड करून उभे होते. चुन्यानं त्यांचे डोळे केव्हाच नेले होते. दादा, तू माझी वळकटी टपावर चढवत होतास, वहिनी पदरात तोंड घालून रडत होती, आणि हे आत जागा धरायला घुसले होते. तर्जनीचं पेरं तुटलेल्या हातानं बाबांनी माझं मनगट चाचपलं. म्हणाले, "त्या महालात जिन्याखाली भिताड हाये. तिथी चुन्यात माहा पंजा उमटेल हाये. पाह्यला की चिठी टाक. मंग एक गोष्ट सांगतो तुले."

हिंगोलीला रेल्वेत बसले तरी मनगटावर त्यांची बोटं होतीच.

महाल म्हणजे हैदराबादेतलं हे जुनं हॉटेल. तरुणपणी बाबांनी इथं चार वर्षं गिलावा केला. आईही सोबत गेली होती. ती तिथं भाकरी रांधत असेल, एवढंच आपल्याला वाटायचं. मी कडेवर असतानाच ती वारली आणि बाबांनी पुन्हा तिचं नाव काढलं नाही. महालाचं नाव मात्र रोज. पारावर गेले की कोणीतरी टोचायचंच, "या नवाबसाब! महाल कोनाच्या भरवशावर टाकून आले?" बाबा हसायचे. पण कोणीतरी डोळ्यांनी पाहून यावं, असं त्यांना फार वाटायचं.

एका नवाबानं पाहुण्यांसाठी ही इमारत बांधली. पुढे पाच कमानी, मधे मोकळा चौक, चौकाभोवती लाकडी सज्जे, भिंती दोन-दोन हात जाड. भर उन्हाळ्यात आत आलं की माठाजवळ बसल्यासारखं वाटतं. चुन्यात गूळ आणि बेलफळाचं पाणी घालून, गुळगुळीत दगडानं घोटून घोटून तो गिलावा असा केलाय, की रेशमावर हात फिरवावा तसा भिंतीवर फिरतो. नवाबाची रया गेली, मोठमोठ्या दालनांना फळ्या मारून खोल्या पाडल्या, कमानीवर बिजलीची पाटी लागली. आम्ही आलो ते डागडुजीला. हे गवंडी, मी घमेली उचलायला. सकाळी चहा फुकट, राहायला मागची खोली. चौथीतून शाळा सुटलेल्या बाईला याहून काय पाहिजे? उपकारच आहेत, नाही कसं म्हणू.

पण जिन्याखाली कोठी होती, कोठीला कुलूप, आणि किल्ली मॅनेजरकडे. सात महिने मी रोज त्या दारावरून घमेलं नेलं. विचारायची छाती झाली नाही. चोरीचा आळ आला तर? यांचंही काम गेलं तर? तेवढ्यात दादा, तुझं कार्ड आलं. "बाबा रोज इचारून राह्यले, चिठी आली का म्हून. तब्येत बरी नाही."

त्याच दुपारी मी लिहिलं, "बाबा, पंजा पाहिला. बोटाचं तुटलेलं पेरंसुद्धा दिसतं." न पाहताच लिहिलं. म्हटलं, तेवढंच म्हाताऱ्याला बरं वाटेल.

तू ते पारावर वाचून दाखवलंस. उलट कार्ड आलं, "बाबा म्हनतात, लय बेस झालं. पन आनखी काही दिसलं का?"

मी लिहिलं, "आणखी काय दिसणार? मोठी भिंत आहे."

त्यानंतर बाबांनी काही विचारलं नाही. मग तुझी तार आली, बाबा गेल्याची. मी हिंगोलीपर्यंतही पोचू शकले नसते.

दोन महिन्यांनी कोठी रिकामी झाली. ओल धरली म्हणून सगळं खरवडून सिमेंट मारायचं ठरलं. खरवडायला मीच बसले. सफेदीचे पापुद्रे निघत गेले आणि बाबांचा हात वर आला, तर्जनीचं पेरं नसलेला. आणि त्याला लागून दुसरा. लहान, डावा, मनगटाशी काकणांच्या दोन रेघा.

आपल्या लोकांची रीत तुला माहीत आहे. ज्याचा हात भिंतीला लागला, त्यालाच पंजा उमटवता येतो. रांधणारीला नाही. हा गिलावा आईनं घोटला होता, दादा. मी माझा हात त्यात ठेवला. बरोबर बसला.

तीच गोष्ट बाबा सांगणार होते. आणि "आणखी काय दिसणार" हे वाचलंस, त्या क्षणी त्यांना कळलं असेल, की लेकीनं काहीच पाहिलेलं नाही.

मी खालीच बसून राहिले. आमच्या कामावरच्या म्हाताऱ्या मिस्त्रीचाचांनी थापी खाली ठेवली. "हात पो सिमेंट नक्को मारो, बेटी. उत्ता छोड दो. मैं देख लेतूं." तेवढा तुकडा राहिला. त्यांचे उपकार कसे फेडू?

कोणी गाव विचारलं तर मी अजून मेडशीच सांगते. पण आईचं म्हणून काही हाताला लागतं, ते या परक्या गावात, कोठीत पुन्हा रचलेल्या पोत्यांच्या मागं. पाणी आणायला जाताना मी आत डोकावते. आता किल्ली मागायला भीती वाटत नाही.

दादा, एकच सांग. माझं दुसरं कार्ड वाचलंस तेव्हा तू बाबांच्या समोर होतास. त्यांचं तोंड कसं झालं होतं? खरं लिही. माझ्यासारखं लिहू नको.