मुंगीची भावकी

पीएचडीच्या दुसऱ्या वर्षी मला गांधीलमाशी डसली आणि माझं संशोधन जवळजवळ तिथंच संपलं.

माझा विषय होता डंख मारणाऱ्या कीटकांची नाती. गांधीलमाश्या, मुंग्या आणि मधमाश्या एकाच पूर्वजाच्या वंशातल्या. त्यांच्यात कोण कुणाच्या जवळचं, हे आपल्या भागातले नमुने गोळा करून, त्यांच्या शरीरावरून आणि डीएनएवरून तपासायचं होतं. हर्सूल तलावाच्या बांधाकडं घाणेरीच्या झुडपात मी जाळी फिरवली, तेव्हा आतलं पोळं मला दिसलं नाही. आधीही दोन-तीनदा डसल्या होत्या. त्याचं काही वाटत नसे. या वेळी मात्र पाच-सात मिनिटांत ओठ सुजले, अंगभर गांधी उठल्या आणि घसा कुणी आवळल्यासारखा झाला. सोबतच्या मैत्रिणीनं मला स्कूटीवर बसवून दवाखाना गाठला. डॉक्टरांनी दुसऱ्या दिवशी शांतपणे सांगितलं, "पुढच्या वेळी तुम्ही इथवर पोचाल याची खात्री मी देणार नाही. पोळी, बांध, शेतं, सगळं बंद."

माझे मार्गदर्शक सर भले माणूस. त्यांनी लगेच विषय बदलायची तयारी दाखवली. "गोगलगायी घे," ते म्हणाले, "त्या डसत नाहीत." मी मान हलवली आणि घरी येऊन उशीत तोंड खुपसून रडले.

त्याच आठवड्यात आत्या मला बघायला आली. आत्या म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण. फुलंब्रीच्या पुढं एका खेड्यात राहते. चौथीपर्यंत शिकलेली. पुढं शाळेत घालायची गोष्ट निघाली, तेव्हा धाकट्या भावाला सांभाळायला घरी कुणी नव्हतं, म्हणून राहून गेलं. तो धाकटा भाऊ म्हणजे माझे वडील. त्यानंतर जन्मभर दुसऱ्यांच्या रानात खुरपणी, वेचणी. माझं सगळं ऐकून घेतल्यावर तिनं विचारलं, "तुला त्या माश्या धरूनच पाह्यजेत ना?"

"हो."

"मंग मी धरते. तू घरी बसून बघ त्याच्यात काय बघायचं ते."

"आत्या, तुला डसल्या तर?"

"चाळीस वर्षं डसायल्यात. आता नवीन काय व्हणार हाय?"

सरांना आधी हे पटलं नाही. नमुना नुसता पकडून चालत नाही, त्याची नोंद लागते. कुठं, कधी, कोणत्या झाडावर, काय करत होता. नोंद नसलेला कीटक म्हणजे डबीतला कचरा, असं ते म्हणत. म्हणून मी आठ दिवस आत्याला स्वयंपाकघरातल्या ओट्याशी बसवून शिकवलं. जाळी कशी फिरवायची हे तिला दाखवावं लागलं नाही. माशी आत आली की जाळीचं तोंड एका झटक्यात गुंडाळायला ती पहिल्याच दिवशी शिकली. वेळ लागला तो लिहायला. कितीतरी वर्षांनी तिनं पेन्सिल हातात धरली होती. अक्षरं मोठाली, वेलांट्या जागच्या जागी नाहीत, पण खोटं एक अक्षर नाही. तिची पहिली नोंद मला पाठ आहे : 'अद्रकीच्या वाफ्यापाशी. दुपारची. काळी, कंबर दोऱ्यावानी. अळी वढत व्हती.'

मग दर पंधरा दिवसांनी ती फुलंब्रीहून जीपनं यायची. मांडीवर कापडी पिशवी, पिशवीत अल्कोहोलच्या बाटल्या आणि त्यांच्या नोंदीच्या चिठ्ठ्या. जीपमध्ये शेजारी बसलेल्या बाईनं विचारलं की सांगायची, लोणचं हाय. घरी आली की आधी चहा, मग बाटल्या आणि मग प्रश्न. तिचे प्रश्न माझ्या वर्गातल्या कुणाच्याही प्रश्नांपेक्षा अवघड असायचे.

मी तिला सांगितलं की डंख म्हणजे मुळात अंडी घालायची नळी. पुढं तिचं विष टोचायचं हत्यार झालं. म्हणून डसते ती मादीच, नराला डंख नसतोच. ती म्हणाली, "म्हंजे हत्यार बाईकडंच." मग स्वतःशीच हसत राहिली.

मी तिला सांगितलं की मधमाशीचे पूर्वज शिकारी होते. बिळात पिल्लांसाठी किडे आणून ठेवायचे. त्यातल्याच कुणी किड्यांऐवजी फुलांतला पराग आणायला सुरुवात केली, आणि तो वंश मधमाशी झाला.

"माळकरी झाली म्हण की," आत्या म्हणाली. "पण काहून सोडली शिकार?"

मी उत्तर द्यायचा प्रयत्न केला. फुलावरचे बारीक किडे धरताना परागही सोबत येत असेल, असा एक विचार आहे, म्हणाले. तिनं मान हलवली, पण तिचं समाधान झालेलं नव्हतं. खरं तर माझंही झालेलं नव्हतं.

नात्यांचा तक्ता तिला समजावताना मी झाड काढलं होतं. तिला झाड फारसं रुचलं नाही. ती म्हणाली, "भावकी म्हण ना सरळ. सख्खं कोण, चुलत कोण." आणि ते तिला इतकं पक्कं कळलं की मलाच बोलताना तिचे शब्द यायला लागले.

तिसऱ्या वर्षीच्या एका खेपेला तिनं एक लालकाळी, मखमली अंगाची, बिनपंखांची मुंगीसारखी कीड आणली. मी घाईत होते. मुंग्यांच्या खोक्याकडं हात नेला, तशी ती म्हणाली, "ती मुंगी नाय."

"पंख नाहीत, जमिनीवर चालते. मुंगीच आहे, आत्या."

"मुंगीला कंबरंपाशी गाठ असती. हिला कुठंय? अन् मुंगीच्या मिशा कोपरात वाकल्यावानी असत्यात. हिच्या नाय. अन् धरली तशी चिंचिं वरडली."

मी भिंगाखाली पाहिलं. गाठ नव्हती. मला लाज वाटली, कारण हे मी पुस्तकातून शिकले होते आणि ती रानात, उघड्या डोळ्यांनी पाहून आली होती. ती गांधीलमाशीच्याच एका वेगळ्या शाखेतली होती. पुढं डीएनएचा निकाल आला, तेव्हा तक्त्यातही ती तिथंच बसली. मुंगीसारखी दिसणारी ही मुंगीची लांबची निघाली, आणि मुंगीशी काडीचं साम्य नसलेली मधमाशी मुंगीच्या जास्त जवळची. हे जाणकारांना ठाऊक होतं. पण आपल्या रानातल्या नमुन्यांवर ते उमटलेलं पाहून मला जो आनंद झाला, तो आत्याला फोन करून सांगेपर्यंत मला दम निघाला नाही.

"मी म्हणलं नव्हतं?" एवढंच ती म्हणाली.

प्रबंधाची मौखिक परीक्षा खुली असते, कुणीही येऊन बसू शकतं. आत्या आली. इस्त्रीचं पांढरं लुगडं नेसून शेवटच्या रांगेत, वडिलांशेजारी. बाहेरून आलेले परीक्षक या विषयातले मोठे जाणकार होते. त्यांनी बराच वेळ प्रबंधाची शेवटची पानं चाळली, जिथं प्रत्येक नमुन्यापुढं पकडणाऱ्याचं नाव असतं. मग चष्मा काढून विचारलं, "या संग्राहक बाई कोणत्या विभागात आहेत?"

"सर, त्या माझ्या आत्या आहेत. शेतात मजुरी करतात. मागं बसल्या आहेत."

सगळे वळून बघायला लागले. आत्या उभी राहिली. परीक्षक म्हणाले, "ताई, बसून बोला." ती उभीच राहिली.

"प्रबंधात लिहिलंय, ती मखमली कीड मुंगी नाही हे तुम्ही रानातच ओळखलंत?"

"व्हय." मग तिनं गाठ, मिशा आणि चिंचिं हे सगळं त्यांना सांगितलं, जसं मला सांगितलं होतं.

"यांचे नर पंखवाले असतात. मादीहून इतके वेगळे दिसतात की कोणता नर कोणत्या मादीचा हे कळायला फार अवघड जातं. तुम्हाला कधी दिसला?"

"दिसला ना. तिला उचलून उडत व्हता. आधी वाटलं, शिकार करतोय. जाळीत आल्यावर कळलं, जोडीदार हाय. दोघांची चिठ्ठी येकच लिव्हली मी."

त्याच घाईच्या खेपेला दोन बाटल्या आणि एक चिठ्ठी तिनं दिली होती, हे मला आठवलं. पंखवाला मी इतर गांधीलमाश्यांत टाकला होता आणि चिठ्ठी पुरती वाचलीच नव्हती. परीक्षकांनी तिला विचारलं, नोंदींची वही ठेवता का. वही तिच्या पिशवीतच होती. चिठ्ठीत लिहिलेलं सगळं ती आधी वहीत उतरवून ठेवायची, हे मला तेव्हा कळलं. त्यांनी ती नोंद मोठ्यानं वाचली : 'पंखवाला आणि बिनपंखाची. जोडीनं धरले. तळ्याच्या बाजूला, ऊन चढल्यावर.'

मी सरळ सांगितलं, "सर, चूक माझी आहे. नोंद बरोबर होती, मीच वाचली नाही."

"मग आता वाचा," ते म्हणाले आणि पहिल्यांदाच हसले. "जोडीनं सापडलेला नमुना फार मोलाचा असतो. तो नरही तपासा. आणि जे काही छापाल, त्यावर यांचं नाव टाका. आभारात नको, लेखकांत टाका."

नर तपासला. तो त्याच मादीच्या जातीचा निघाला. लेखावर तीन नावं छापून आली, मधलं आत्याचं. छापील पान तिनं घडी न घालता पुठ्ठ्यात ठेवून नेलं.

गेल्या पौर्णिमेला तिच्या गावच्या विहारात बायांनी तिला बोलायला लावलं. वंदना झाल्यावर ती उभी राहिली आणि कागद न घेता पाऊण तास बोलली. कोण डसते, का डसते, कुणाला मारू नये आणि का. एका म्हातारीनं विचारलं, "एवढं सगळं तुला कुणी शिकविलं गं?"

"अर्धं हिनं," माझ्याकडं बोट करून ती म्हणाली, "अर्धं रानानं."

चटईवर माझ्याशेजारी बसलेल्या बाईनं हळूच विचारलं, मी कोण. विद्यापीठ, पदवी, महाविद्यालयातली नोकरी, सांगण्यासारखं बरंच होतं.

"मी त्यांची भाची," मी म्हणाले.

तेवढ्यात समोर, आत्यानं सोबत आणलेल्या भिंगातून कीटक बघायला बायांची झुंबड उडाली, आणि आत्या सगळ्यांना रांगेत उभं करत होती.