घंटावाल्याचे कान

ऑक्टोबरच्या पहिल्या सोमवारी कोझिमो सेद्दा खांद्यावर पोतं टाकून बाकीझ्यूकाकांच्या भट्टीपाशी आला आणि त्यानं ते दारातच उलटं केलं. चाळीसएक घंटा फरशीवर घरंगळल्या. मी समोरच्या नळावर पाणी भरत होते. आवाज एवढा झाला की माझ्या हातातली बादली हिंदकळली. बाकीझ्यूकाका मात्र पाठमोरेच होते. कोझिमोनं त्यांच्या खांद्याला हात लावला तेव्हा ते वळले.

"काका, या घंटा माझ्या नाहीत."

"तुझ्याच आहेत. मी केल्यात."

"तुम्ही केल्यात, ते खरं. पण परवा धुक्यात माझाच कळप माझ्यासमोरून गेला आणि मी बघत बसलो. म्हटलं, कुणाच्या बरं या मेंढ्या? कुत्र्यानं ओळखल्या, मी नाही. कुत्रासुद्धा हसला मला."

"मोठ्यानं बोल की! तोंडात चीज धरून बोलतोस का?"

कोझिमोनं माझ्याकडे पाहिलं. मी नजर बादलीकडे वळवली.

आमच्या सार्डिनिया बेटावरच्या डोंगरात प्रत्येक घराण्याच्या कळपाचा आवाज वेगळा असतो. काही घंटा खालच्या सुरातल्या, काही वरच्या, आणि मधल्या काही त्या दोन्हींना जोडून घेणाऱ्या. सेद्दांचा आवाज कोझिमोच्या आजोबांनी ठरवला होता. बाकीझ्यूकाकांच्या वडिलांनी तो बांधून दिला आणि पुढे काकांनी सांभाळला. कोझिमोनं पाळण्यात ऐकलेला आवाज तो. नोव्हेंबरच्या सुरुवातीला कळप खालच्या मैदानात हिवाळ्यासाठी उतरतात. वाटेत दोन दिवस धुकं असतं आणि तेव्हा मेंढपाळाला डोळ्यांचा उपयोग नसतो.

"नीट करून देता येतील का, सांगा," कोझिमो म्हणाला. "नाहीतर मी पलीकडच्या गावच्या कारागिराकडे जातो. राग धरू नका."

हे मात्र काकांना ऐकू आलं, किंवा त्याच्या तोंडावरून कळलं. ते वाकून एकेक घंटा उचलायला लागले.

बाकीझ्यू पिरास तेव्हा एकाहत्तर वर्षांचे होते. बुटके, जाड मनगटांचे. त्यांचे दोन मुलगे शाळेत माझेच विद्यार्थी होते. दोघेही मुख्य भूमीवर कारखान्यात गेले, त्यामुळे घंटांचं काम काकांपाशीच थांबलं. पत्रा कापायचा, दगडाच्या खळग्यात ठोकून त्याला पोट आणायचं, पितळेच्या तुकड्यांसकट मातीत लपेटून भट्टीत घालायचं, थंड झाल्यावर माती फोडायची. इथवर सगळं दणक्याचं काम. त्यासाठी दाराशी कच्च्या लोकरीची टोपली ठेवलेली असे. ठोकायला बसण्याआधी काका चिमूटभर लोकर चुरगाळून दोन्ही कानांत बोटानं घट्ट बसवत. त्यांच्या वडिलांची पद्धत. मग सूर लावायची वेळ आली की बोळे काढून गुडघ्यावर ठेवत, लहान हातोडा घेत आणि घंटेच्या काठावर हलकेच टिचकी मारत. तेव्हा गल्लीतल्या बायकासुद्धा हळू बोलत.

दोन वर्षांपासून काकांना कमी ऐकू येत होतं. त्यांनी ते कुणाला सांगितलं नव्हतं. त्यांचे वडील सत्तराव्या वर्षी बहिरे झाले, एके दिवशी हातोडा खाली ठेवला आणि पुढची बारा वर्षं शेकोटीपाशी भिंतीकडे तोंड करून बसले. काकांनी मनाशी धरलं होतं की आपलीही पाळी आली, एक वर्ष उशिरानं इतकंच.

त्याच संध्याकाळी त्यांची बायको बोनारिया माझ्याकडे आली.

"बाई, तो सगळं विकायला निघालाय. हातोडे, दगड, भाता, सगळं. शहरातल्या कुणा माणसाला हॉटेलच्या भिंतीवर टांगायला हवेत म्हणे. रविवारी येणार आहे तो."

"त्यांना ऐकू येत नाही हे तुला कधी कळलं?"

"मला कसं कळणार? चाळीस वर्षं ऐकून न ऐकल्यासारखं करत आलाय. आता खरंच ऐकू येत नाही हे ओळखायचं कशावरून?" असं म्हणून ती हसली, आणि मग तिला हसवेना.

दुसऱ्या दिवशी मी चेस्टनटची टोपली घेऊन भट्टीवर गेले. काकांची पाठ दाराकडे होती. घंटेची वरची कडी त्यांनी दातांत धरली होती आणि ते खिळ्यानं काठावर टिचक्या मारत होते. डोळे मिटलेले. चेहऱ्यावर इतकं समाधान मी कित्येक महिन्यांत पाहिलं नव्हतं. मी समोर जाऊन उभी राहिले तेव्हा ते चोरी पकडल्यासारखे दचकले.

"दातांनी ऐकू येतं?" मी ओरडून विचारलं.

"स्वच्छ. पहिल्यासारखं." त्यांनी घंटा मांडीवर ठेवली. "पण एका वेळी एकच धरता येते ना, बाई. एकेकटी प्रत्येक घंटा बरोबर असते. दोघी एकमेकींशी कशा बोलतात, ते दातांना कळत नाही. तिथंच चुकलं माझं."

शाळेत गाणं शिकवताना सूर देण्यासाठी माझ्याकडे एक लोखंडी नादकाटा असे, आपटला की एकच सूर घुमवणारा. घरी जाऊन मी तो घेऊन आले. गुडघ्यावर आपटून त्यांच्या कानासमोर धरला, तर त्यांनी मान हलवली. मग त्याच्या दांडीचं टोक कानामागच्या हाडावर टेकवलं, तसे ते ताठ झाले.

"अरेच्चा! हे कसं?"

"मलाही नीट माहीत नाही. पण कानाच्या आत काही जिवंत आहे आणि वाट बंद आहे, असं दिसतंय. गुरुवारी डॉक्टरीणबाई येतात, त्यांना दाखवू या."

"वडिलांचं जे झालं तेच माझं. दाखवायचं काय त्यात?"

"मग दाखवायला तुमचं काय जातं?"

गुरुवारी गावाच्या सभागृहात डॉक्टरीणबाईंनी त्यांच्या उजव्या कानात दिवा धरून पाहिलं, मग डाव्यात, मग पुन्हा उजव्यात.

"काका, इथे तर मेंढी बसलीय."

बोनारिया खुर्चीवरून उठली. "काय बसलंय?"

"मळ आहे. लाकडासारखा कडक. आणि त्यात लोकर. कानात काय घालता तुम्ही?"

काकांनी खिशातून बोळा काढून दाखवला. लहान मुलानं गोट्या दाखवाव्या तसा.

"हा रोज बोटानं दाबून बसवता. कान आपला मळ आपणच बाहेर टाकत असतो, आणि तुम्ही पन्नास वर्षं तो आत लोटताय. कान कोरता कशानं?"

काकांनी बोळा परत खिशात घातला.

"तारेनं," बोनारिया म्हणाली. "घंटेच्या तारेनं. मी शंभरदा सांगितलं."

"ती तार आजपासून बंद." कान दुखतो का, कधी वाहिला होता का, पडद्याला भोक असल्याचं कुणी सांगितलं होतं का, असं सगळं त्यांनी विचारलं. तसं काही नव्हतं. मग म्हणाल्या, "घरातलं ऑलिव्हचं तेल चालेल. कोमट, गरम नाही. सकाळ-संध्याकाळ तीन-तीन थेंब, एका कुशीवर दहा मिनिटं पडून राहायचं, मग दुसऱ्या कुशीवर. पुढच्या गुरुवारी मी बघते. मध्येच मळ फुगला तर जास्तच बंद झाल्यासारखं वाटेल, तेव्हा घाबरायचं नाही. दुखलं तर मात्र तेल थांबवून मला फोन करायचा."

उठता उठता त्यांनी विचारलं, "वडील बहिरे झाले तेव्हा त्यांचे कान कुणी बघितले होते का?"

बोनारियानं तो प्रश्न काकांच्या कानाशी ओरडून सांगितला. काकांनी टोपी घातली. आणि ते आमच्या पुढे निघाले.

तेल बोनारियाच्या बहिणीकडचं, खालच्या मैदानातलं. ती तेल पाठवते आणि इथून चेस्टनट जातात. बोनारिया छोटी बाटली कोमट पाण्याच्या वाटीत उभी करी, मग एक थेंब स्वतःच्या मनगटावर टाकून पाही. काका स्वयंपाकघरातल्या बाकावर उशी घेऊन आडवे होत. दिवसाढवळ्या आडवा झालेला हा माणूस गावानं कधी पाहिला नव्हता, म्हणून बोनारिया खिडकी लावून घेई. ती त्यांच्या कानाची पाळी जराशी मागे ओढी आणि थेंब सोडी. पहिल्या दिवशी ते म्हणाले, "मुंगी चालतेय." नंतर काही म्हणेनासे झाले.

शनिवारी मी गेले तर उशी जमिनीवर होती.

"बाई, तुमच्या त्या तेलानं उरलासुरला कानही गेला! काल निदान हातोडा ऐकू येत होता, आज तोही नाही. उद्या तो माणूस येईल, त्याला सगळं देऊन टाकतो आणि मोकळा होतो."

"डॉक्टरीणबाईंनी सांगितलं होतं ना, असं होईल म्हणून?" मी पाटीवर लिहून दाखवलं.

त्यांनी वाचलं. मग उशी उचलली, बाकावर ठेवली आणि आडवे झाले. एक कान उशीत, दुसऱ्यात तेल. बोनारिया त्यांच्या डोक्यापाशी बसली आणि साध्या, हळू आवाजात बोलायला लागली. त्यातलं काही त्यांच्यापर्यंत पोचणं शक्य नव्हतं.

"त्या माणसाला मी फोन केलाय. उद्या येऊ नको म्हटलं. तुला ऐकू आलं नाही तरी हातोडे घरातच राहतील. तू नुसता त्यांच्याकडे बघत बसलास तरी चालेल मला. फक्त तुझ्या बापासारखा भिंतीकडे तोंड करून बसू नकोस."

दहा मिनिटं झाली. तिनं त्यांच्या दंडावर टिचकी मारली. "हं, दुसरी कूस."

गुरुवारी डॉक्टरीणबाईंनी कोमट पाण्याची हलकी धार सोडली. खालच्या वाडग्यात आधी तपकिरी पाणी पडलं, मग दोन खडे. एकात लोकरीचा धागा स्पष्ट दिसत होता. काका ताडकन भिंतीकडे वळले.

"कोण ठोकतंय?"

भिंतीवर घड्याळ होतं.

"बरं वाटतंय का रे?" बोनारियानं विचारलं.

"हळू बोल की जरा," काका म्हणाले, आणि तिनं तोंडावर हात ठेवला.

यापुढे ठोकताना बाहेरून कानांवर बसणारी झाकणं वापरा, आत काही घालू नका, असं बजावून डॉक्टरीणबाईंनी त्यांना सोडलं. वाटेत बोनारियाच्या बुटांचा करकर आवाज येतो असं त्यांनी तीनदा सांगितलं. मग विचारलं, "रविवारी तो माणूस का नाही आला?"

"सांगितलं होतं मी तुला. तू ऐकलं नाहीस."

मला वाटलं होतं की आता आनंदच आनंद. पण आम्ही नळापाशी आलो तेव्हा कोझिमोचा कळप पाण्यावर उतरत होता. काकांनी घंटा चुकलेल्या सुरांसकट तशाच परत दिल्या होत्या आणि दुसऱ्या मिळेपर्यंत कोझिमोनं त्याच बांधल्या होत्या. काका उभे राहिले. मग नळाच्या पायरीवर बसले. माझ्या कानांना त्या नेहमीच्या मेंढ्या होत्या. त्यांच्या चेहऱ्यावर मात्र कुणीतरी चारचौघांत त्यांच्या चुका मोठ्यानं वाचून दाखवत असल्यासारखं दिसत होतं.

"हे मी केलं?" ते म्हणाले. "हे असं?"

"असू दे काका," कोझिमो म्हणाला. "इतकं काही वाईट नाही."

"तू मध्ये बोलू नकोस. बोनारिया, लहान हातोडा आण."

अंधार पडेपर्यंत कोझिमो एकेक मेंढी पायांत धरून उभा होता. काका घंटा सोडत, काठावर हातोडा मारत, ऐकत, पुन्हा बांधत. "ती काळ्या कानाची आण. नाही, ती नव्हे, तिच्या मागची. ती खोटं बोलतेय." दोन वर्षांत केलेल्या घंटा आणखी दोन कळपांत होत्या. कुणी बोलावलं नसताना, पुढच्या आठवड्यात ते त्या दोन्ही गोठ्यांवर जाऊन आले.

नोव्हेंबरच्या तीन तारखेला सेद्दांचा कळप निघाला. धुकं इतकं होतं की खालच्या पुलाकडे जाणाऱ्या वळणाच्या आधीच शेवटची मेंढी दिसेनाशी झाली. काका भिंतीला टेकून उभे होते, मी त्यांच्या शेजारी. थोड्या वेळानं मला काही ऐकू येईना.

"गेले," मी म्हटलं.

"थांबा." त्यांनी डोळे मिटले होते. मग म्हणाले, "बारा वर्षं, बाई. आणि घरात तेलाची बाटली होती."

त्यांच्या वडिलांना मी लहानपणी पाहिलं होतं. त्यांची पाठच तेवढी आठवते. त्यांच्या कानात खरंच मळ होता की वयानं आलेलं बहिरेपण, हे आता कुणालाच सांगता येणार नाही. तसं मी म्हणाले. त्यांनी मान हलवली, पण मला वाटतं ते माझं ऐकत नव्हते.

"आता गेले?" मी विचारलं.

"अजून नाही," ते म्हणाले. "अजून पुलावर आहेत."