रोज दोनदा मरणारा प्लंबर

जगात इतका भिकार प्लंबर आणि इतका उत्तम मरणारा माणूस एकाच कातडीत पुन्हा जन्माला येणं शक्य नाही, हे मी कुठल्याही कोर्टात शपथेवर सांगायला तयार आहे. हा गृहस्थ मूळचा रुमानियाचा नट. तीस वर्षं नाटकांत आणि सवड मिळेल तशी चाळीसेक सिनेमांत काढलेली. सौदीतल्या हफ्र अल बातिनच्या ज्या इस्पितळात मी लोकांचं रक्त तपासत होतो, तिथे याची बायको भूलतज्ज्ञ म्हणून आली आणि तिच्यामागोमाग हा. आता इकाम्यावर, म्हणजे तिथे राहण्याच्या परवान्यावर, धंदा काय लिहायचा? नट नावाचा धंदा यादीत नव्हता. देखभालीचं कंत्राट घेतलेल्या कफिलाकडे, म्हणजे व्हिसा देणाऱ्या अरब मालकाकडे, एकच व्हिसा शिल्लक होता, तो प्लंबरचा. झाला हा प्लंबर! आखातात यात कुणाला नवल वाटत नाही. आमच्या मेसचा आचारी कागदोपत्री सुतार होता आणि माझ्या खोलीतला बी.एस्सी. झालेला सांगलीकर तर मेंढपाळ होता. पण बाकीचे लोक इकाम्यावरचा धंदा खिशात ठेवून देत. यानं तो भूमिका म्हणून घेतला.

तीन दिवस तो आमच्या खऱ्या प्लंबरांपैकी सियालकोटच्या एका खानसाहेबांच्या मागे सावलीसारखा फिरला. त्यांची चाल उचलली, खोकला उचलला, कानामागे पेन्सिल खोचायची लकब उचलली. पाइप जोडायचा कसा, एवढंच काय ते बघायचं राहिलं. माझ्या प्रयोगशाळेचं बेसिन गळायला लागलं तेव्हा हा आला, गुडघ्यांवर बसला, पाइपाला कान लावून डोळे मिटले. मरणाऱ्या मामाची शेवटची इच्छा ऐकावी तसा चेहरा! दोनदा पाना आपटला, उठला, हात पुसले आणि जड आवाजात म्हणाला, "खलास." मला अगदी भरून आलं. तो जाऊन दहा मिनिटं झाली तेव्हा कुठे माझ्या लक्षात आलं, की माझे मोजे भिजलेत. सगळे त्याला उस्ताद म्हणत. नळासाठी नव्हे, हे सांगायला नकोच.

सिनेमांत त्याचं मुख्य काम मरण्याचं. तुर्कांच्या तलवारीनं मेला, तुर्क होऊन दुसऱ्याच्या तलवारीनं मेला, बर्फात गोठला, डॅन्यूब नदीत दोनदा बुडाला. दुसऱ्यांदा का, तर पहिल्या वेळी मागे एक मासा हसल्यासारखा दिसत होता म्हणे. "घोड्यावरून पडून मी सात वेळा मेलो," तो सांगायचा, "पण घोडा एकच. शेवटी शेवटी मला बघितलं की तोच आधी खाली बसायचा." यातलं किती खरं, ते त्याला आणि घोड्याला ठाऊक. मी यात माझं काही घातलेलं नाही. घोडा फार तर एखाद्या वेळी बसला असेल.

मग एक्याण्णवची आखाती लढाई आली. कुवेतचा रस्ता आमच्या दारावरूनच जायचा. जानेवारीत भोंगे सुरू झाले आणि गळ्यात गॅसचा मुखवटा अडकवून जेवायची, झोपायची, दाढी करायची सवय लागली. विषारी वायूचे रुग्ण आले तर काय करायचं, याचा सराव सुरू झाला. त्यासाठी खोटे रुग्ण हवेत. सफाईवाल्यांना झोपवलं तर ते स्ट्रेचरवर खुसुखुसू हसायचे. शेवटी मुदीर, म्हणजे आमचे संचालक, म्हणाले, तो प्लंबर रिकामाच असतो, त्याला आणा.

उस्ताद फाटकातून धडपडत आत आला आणि असा कोसळला, की वीस वर्षं पोटं फाडणारा मिसरी, म्हणजे इजिप्तचा, सर्जन पांढरा पडला. आमचे रुग्णवाहिकेचे ड्रायव्हर, श्रीवर्धनचे हमीदचाचा, तर कलमा पढायला लागले. इतक्यात मयत उठून बसलं आणि म्हणालं, "पुन्हा करू का? डावीकडून उजेड बरोबर नव्हता." त्या दिवसापासून सकाळी एक आणि दुपारी एक, असं दोन वेळा मरण त्याच्या ड्यूटीत लागलं. हमीदचाचा म्हणायचे, "अरे, हा मानूस रोज मरतो नि रोज आपल्याआधी जेवायला हजर!"

फेब्रुवारी उजाडेपर्यंत आम्ही इतके दमलो होतो, की भोंगा वाजला की आधी कंटाळा यायचा आणि मग आठवण झाल्यासारखी भीती. अशात उस्तादला गावाकडून पत्र आलं. दहा वर्षांपूर्वी त्याचं एक नाटक पहिल्या प्रयोगाच्या आदल्या दिवशी सरकारनं बंद पाडलं होतं. नाटकातला नायक म्हातारा पाववाला आणि दुसऱ्या अंकात त्याचा पाव संपतो. रुमानियात तेव्हा खराच पाव संपला होता, त्यामुळे सरकारला ते लागलं. आता ते सरकार गेलं होतं आणि नाटक पुन्हा उभं राहत होतं. पाववाला त्याचाच, पण तालमींना दहा दिवसांत हजर व्हायचं. नाहीतर भूमिका दुसऱ्याला. उस्ताद अठ्ठावन्न वर्षांचा. पुन्हा असं पत्र येणार नाही, हे त्याला कळत होतं.

लढाईमुळे इस्पितळातल्या लोकांना देश सोडायचा शिक्का बंद होता, मुदीरांनी सही दिली तरच मिळायचा. तो मुदीरकडे गेला. मुदीर म्हणाले, "नळ दुरुस्त करणारे माझ्याकडे चार आहेत. मरणारा तू एकटा."

"मग वाईट मरा," मी सल्ला दिला. "काम बिघडलं की कोण कशाला अडवतंय?"

"वाईट कसं करतात?" त्यानं अगदी मनापासून विचारलं.

इथे मात्र मी अधिकारी माणूस. आमच्या आळीच्या गणपतीत मी तीन वर्षं नाटकात कामं केली होती. छाती धरायची ती उजवीकडची, डोळे फिरवायचे, पडण्याआधी जागा साफ आहे ना ते वळून बघायचं, सगळं शिकवलं. तो वहीत उतरवून घेत होता.

"हे तुम्ही लोकांसमोर केलंत?"

"तीन वर्षं."

"आणि लोक काही बोलले नाहीत?"

"नातेवाईक होते."

त्याची बायको दिवसभर रुग्णांना भूल देऊन आलेली, दाराशी टेकून ऐकत होती. ती एवढंच म्हणाली, "तीस वर्षं तुझं चांगलं काम बघितलं. एकदा वाईट कर. जा घरी."

दुसऱ्या दिवशी मुदीर स्वतः बघायला उभे. उस्तादनं उजवी छाती धरली, डोळे फिरवले, वळून जागा बघितली. माझा ऊर भरून आला, अगदी मीच! मुदीरांच्या कपाळाला आठ्या. त्याला सोडायचा कागद हातात होता, सहीसाठी पेनाचं टोपण निघालं.

तेवढ्यात स्ट्रेचरपाशी एक नवी मल्याळी सिस्टर आली. येऊन आठवडा झालेला, पहिलाच सराव. हातातली सुई लटलट कापत होती आणि मुखवट्याची काच आतून धुरकटली होती. उस्तादनं तिच्याकडे बघितलं. बघत राहिला. मग त्याचे डोळे फिरायचे थांबले आणि तो खरा मरायला लागला. हळूहळू, एकेक लक्षण तिला दिसेल असं. आधी बोटं, मग श्वास, मग तोंडातली लाळ. डोळ्यांतल्या बाहुल्यासुद्धा त्यानं बारीक केल्या, आणि कुणी नाही म्हणालं तर मी भांडेन. पोरीचा हात कापायचा थांबला. तिनं कपडे कापले, मुखवटा चढवला, मांडीत सुई टोचल्याची क्रिया केली आणि मोठ्यानं आकडे मोजत त्याची नाडी धरून बसली.

"मुमताज!" मुदीर म्हणाले. फर्स्टक्लास! पेन खिशात गेलं.

मी त्याच्यावर इतका चिडलो, की तो तोंड धूत होता तिथेच जाऊन भांडलो. "काय केलंत हे?"

"ती मला बघून शिकत होती," तो म्हणाला. "मी खोटं मेलो असतो, तर तिनं खोटं वाचवलं असतं."

हमीदचाचांनी त्याला टॉवेल दिला. "उस्ताद, तुला अक्कल नाय," ते म्हणाले आणि बराच वेळ त्याची पाठ पुसत राहिले.

लढाई पुढे थोड्याच दिवसांत संपली. शिक्केही सुरू झाले, पण भूमिका दुसऱ्याला गेल्याचं पत्र त्याआधीच येऊन पडलं होतं.

पहिल्या प्रयोगाच्या दिवशी संध्याकाळी तो माझ्याकडे येऊन बसला. तिकडे सात म्हणजे इथे आठ. कुवेतच्या विहिरी अजून जळत होत्या, खिडकीच्या काचेवर काजळी होती. मी रक्ताच्या काचा बघत होतो. तो घड्याळाकडे बघून मधूनच सांगत होता, "पडदा वर गेला. आता पाववाला येतोय. माझ्या जागचा नट घाई करणार, तो नेहमी घाई करतो." बऱ्याच वेळानं म्हणाला, "दुसरा अंक." मग घड्याळावरची नजर काढून घेतली.

"काय झालं?" मी विचारलं.

"काही नाही. इथे तो रिकामी टोपली उपडी करतो आणि लोकांकडे बघतो. मी इथे थोडा जास्त थांबणार होतो."

मी मायक्रोस्कोपचा दिवा मालवला. त्याला हवा होता तितका वेळ आम्ही दोघं थांबलो.