मनुकांचा वास

आई वारली तो रविवार होता. आज मनुका उकळायला ठेवल्या आणि त्या वासाबरोबर ती दुपार परत आली. शिरूरच्या आमच्या चर्चसाठी प्रभूभोजनाचा द्राक्षारस आई दरवर्षी घरीच काळ्या मनुकांचा करायची. ती अंथरुणाला खिळली होती, म्हणून त्या दुपारी पाळक दौंडहून मोटारसायकलवर भाकर आणि प्याला घेऊन घरी आले. उशीला टेकून बसलेली आई त्यांना म्हणाली, "पाळकसाहेब, यंदा मनुका आंबट निघाल्यात. तोंड वाकडं केलं नाही म्हंजी झालं." ते हसले आणि त्यांनी प्रार्थनेचं पुस्तक उघडलं. तिला सगळे प्रतिसाद पाठ होते. ती माझ्या आधी म्हणत होती. भाकर तिनं डोळे मिटून घेतली. मग प्याला तिच्या ओठांजवळ नेत पाळकांनी ठरलेले शब्द म्हटले आणि तिच्या आमेनसाठी थांबले. मीही थांबले. "मावशी, आमेन म्हणा," ते हळूच म्हणाले. बाहेरून रांजणगावच्या कंपनीची बस हॉर्न वाजवत गेली. मी आईचा हात धरला, तेव्हा कळलं. पाळकांनी प्याला मागे घेतला. ते म्हणाले, "ताई, आशीर्वाद दिलेला रस टाकता येत नाही. हा तुम्ही घ्या." वडील गेल्यापासून मी प्रभूभोजन घेत नव्हते, आणि आईनं कधी आग्रह केला नव्हता. मी तिच्या वाटचा प्याला प्यायले. रस आंबटच होता. आमेन कुणीच म्हटलं नाही. आता चर्चसाठी रस मी करते, तिच्याच बरणीत. रविवारी तो घेतेही, पण आमेनला अजून माझा आवाज फुटत नाही.