भाचीच्या लग्नात माझा श्वास अडकला

झोपेत मी रोज पन्नासेक वेळा मरत असे, आणि आमच्या सुनंदाबाई बरगडीत बोट खुपसून मला जिवंत करत. लग्नाला अठरा वर्षं झाली तरी हा कार्यक्रम चालूच!

"अहो, घोरता घोरता तुमचा श्वासच बंद होतो. मी मोजते ना! भीती वाटते हो मला."

"मी? घोरतो? काहीतरीच काय!"

सकाळी माझं डोकं ठणकायचं, ऑफिसात कपाळ फायलीवर टेकायचं. एकदा तर शीळफाट्याच्या सिग्नलला स्कूटरवरच पेंगलेलो, मागच्या ट्रकवाल्याने शिव्या घालून उठवलं. दोष कुणाचा? सुनंदाच्या बोटाचा! वर ती दुपारी घटकाभर आडवी झाली की मी आल्यागेल्याला सांगायचो, "आमची ही भारी झोपाळू!"

अशात माजिवड्याच्या हॉलमध्ये भाचीचं, वैशालीचं लग्न निघालं. एकुलता एक मामा मी! तिला बोहल्यावर आणलं, मंगलाष्टकं सुरू झाली. मामाने भाचीच्या पाठीशी उभं राहायचं असतं, पण मी गुडघ्याचं निमित्त काढून खुर्ची मागवली. ती नेमकी भटजींच्या माइकला खेटून ठेवलेली.

पुढचं सगळं मी नंतर व्हिडिओ कॅसेटवर पाहिलं. दुसऱ्या मंगलाष्टकालाच माझी मान कलली आणि लाउडस्पीकरमधून घुर्रर्र... घुर्रर्र! भटजींनी आवाज चढवला. मीही चढवला. पोरंटोरं खिदळायला लागली. आणि अचानक मी बंद पडलो. भटजी दचकून थांबले. हॉल चिडीचूप!

बायकांच्या रांगेतून सुनंदाचा आवाज आला, "बारा... तेरा... अहो! सोळा... सरका हो, सरका!" शालू सावरत ती बोहल्यावर चढली आणि बोट खुपसलं.

"घ्रॉक्!"

अक्षता मुठीत धरून ताटकळलेल्या चारशे माणसांना तेवढंच पुरलं. सगळ्या अक्षता एकदम पडल्या, बाहेर बँड वाजला, कुणीतरी जेवणाच्या रांगेकडे पळालं. अंतरपाट अजून मध्येच, आणि नवरा पलीकडून विचारतोय, "झालं का?"

नवऱ्याचे काका नाक-कान-घशाचे डॉक्टर. ते घड्याळ बघतच पुढे आले.

"वहिनी, असं किती वर्षं मोजताय?"

"अठरा. हे ऐकतच नाहीत."

"साहेब, याला स्लीप अ‍ॅप्निया म्हणतात. झोपेत घसा सैल पडतो, श्वासाची वाट बंद होते. मानेवरच्या चरबीने आणखीच. मेंदू दचकून उठवतो, म्हणून दिवसा पेंगता. हृदयावर ताण येतो. आणि वहिनींची झोप कधी होते?"

मी सुनंदाकडे बघितलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मग मुंबईला अंगभर वायरी लावून तपासणी झाली. वजन उतरवा, कुशीवर झोपा, आणि नाकावर मुखवटा बांधून हवा ढकलणारं मशीन लावा, असा हुकूम सुटला. मशीन डोंबिवलीच्या घरी आलं, आणि दुसऱ्या दिवशी सुनंदा सकाळी दहापर्यंत झोपली. अठरा वर्षांत पहिल्यांदा! मी चहा करून नेला. ती बारीक घोरत होती, कुठेही न थांबता. कौतुकाने ऊर भरून आला. म्हटलं, आज आपण मोजायचं. कप हातात धरून तिच्या उशाशी बसलो. एक... दोन... तीन...

सतराव्या श्वासाला माझाच डोळा लागला, आणि चहा तिच्या उशीवर.

"अहो!" ती ताडकन उठली. "आधी ते मशीन लावा!"