पतंगावर मांडलेलं ठाण

वाऱ्यावरच्या मोठ्या पतंगाला धरून, फळीवर उभं राहून समुद्रात सरकायला आम्हाला रोहिणीताई शिकवते. आज मात्र ती घडी घातलेल्या पतंगावरच मांडी ठोकून बसली होती. वारा जमिनीकडून समुद्राकडे सुटला होता. काठाजवळचं पाणी सपाट दिसत होतं, म्हणून माझ्याबरोबर शिकणारा केदार हट्टाला पेटला.

"ताई, उद्या मी घरी परत जाणार. थोडा वेळ तरी पाण्यात जाऊ दे."

"पडलास तर हा वारा तुला काठाला आणणार नाही, आत नेईल. तुला आणायला मागे यायला आज बोटही नाही."

"एवढी भीती वाटते तर शिकवतेस कशाला?"

ती जागची हलली नाही.

पाय माझेही शिवशिवत होते. मोर्चांसाठी मी लिहिते त्या प्रत्येक पत्रकात 'पुढे चला' असतं. वारा पाठीवर असला की तो आपलाच वाटतो, आणि कुठे नेतोय असं विचारणाऱ्याला आपण भित्रा ठरवून मोकळे होतो. चीड येते ती याचीच. कुणाचा जीव वाचावा म्हणून 'आज नको' म्हणणाऱ्या बाईने टोमणे का खायचे?

केदार पतंगाचं टोक ओढू लागला. मी जाऊन त्या टोकावर बसले.

"आता दोघींना उचल," मी त्याला म्हटलं.